परतपद्माची नोंदणी: एका चिन्हाचे साडेआठ महिने

२०२४ च्या दिवाळीत एका अंकात माझी दीर्घकथा छापून आली. ती मी रचलेल्या वळणदेश नावाच्या मुलखात घडते. तिथल्या बायका तिन्हीसांजेला उंबऱ्याबाहेर पिठाने एक चिन्ह काढतात, त्याला हात जोडतात, आणि अगदीच निकड असेल तर पाठमोऱ्या चालत ते ओलांडतात. ओलांडणारी मागच्या वेळेत जाते. किती मागे, ते चिन्हाखालच्या ठिपक्यांवर ठरतं. एका ठिपक्याला एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. ६० च्या वर ठिपके द्यायची मुभा नाही, त्यामुळे एका अहोरात्रापलीकडे कुणालाच जाता येत नाही. या चिन्हाला तिकडे परतपद्म म्हणतात.

ते कुठून आलं हे आधीच सांगते, कारण पुढे हीच गोष्ट आडवी आली. माझे आजोबा लग्नं लावायचे. त्यांच्याकडे तांब्याचं घटिकापात्र होतं: हाताच्या ओंजळीएवढी वाटी, बुडाला सुईएवढं भोक. पाणी भरलेल्या घंगाळात सोडली की ती हळूहळू भरत जाते आणि एका घटकेत टुपकन बुडते. लहानपणी मी ते बुडणं बघत तासन्‌तास बसायचे. आणि आई चातुर्मासात रोज देवापुढे गोपद्मं काढते, तेहतीस. वाटी आणि गायीचं पाऊल, या दोन गोष्टी डोक्यात एकत्र झाल्या. मी मावसभावाला फोनवर सांगितलं, की वाटीचा अर्धगोल काढ, आत गोपद्म, पण उलटं, आणि खाली भोकाच्या जागी ठिपका. त्याने शाईने अकरा कच्ची चित्रं काढली. बारावं कथेत गेलं.

डिसेंबरात एका वाचक मैत्रिणीने फोटो पाठवला. एका ऑनलाइन दुकानात पितळी लॉकेट, त्यावर आमचं परतपद्म, जसंच्या तसं. अर्धगोलाच्या डाव्या टोकाला भावाच्या टाकाची शाई जरा पसरली होती, ती सुद्धा पितळेत उतरली होती. किंमत ३४९ रुपये. मी दुकानाला मेल केला, सोबत अंकाच्या पानाचा फोटो जोडला. दोन दिवसांनी एका ओळीचं उत्तर आलं, नोंदणी क्रमांक पाठवा.

नोंदणी? मी एका शाळेत भूगोल शिकवते. मला वीजबिलाच्या तक्रारीपलीकडे सरकारी फॉर्मांची सवय नाही.

आधी एका एजंटाला फोन केला. आठ हजार सांगितले, वर जीएसटी. मग एका वकील मैत्रिणीकडे अर्धा किलो भडंग घेऊन गेले, आणि खरं सांगायचं तर पुढचं सगळं त्या भडंगावर झालं. तिने पहिल्याच वाक्यात हवा काढली. म्हणाली, कॉपीराइट नोंदणी केल्याने मिळत नाही. चित्र कागदावर उतरलं त्या क्षणी तो असतो. १९५७ च्या कायद्यात नोंदणी ऐच्छिक आहे. फक्त उद्या कोर्टात जायची वेळ आली तर नोंदवहीतला उतारा सकृद्दर्शनी पुरावा म्हणून चालतो, नाहीतर तारीख आणि मालकी आपली आपण सिद्ध करत बसायची. म्हणजे नोंदणीशिवाय तक्रारच करता येत नाही हा दुकानवाल्याचा आव खोटा होता. हे ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी मुद्दाम लिहिते आहे. मला तरी माहीत नव्हतं.

मग मी कथेबद्दल विचारलं. पाठमोरं चालणं, ठिपके, साठाची मर्यादा, हे सगळं नोंदवायचं. ती हसली. "ते कुणाचंच होत नाही गं." कल्पना, विषय, कथासूत्र यांवर कॉपीराइट नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७८ सालीच आर. जी. आनंद खटल्यात सांगून ठेवलं आहे. उद्या कुणी दुसऱ्या एखाद्या मुलखात बायकांना उंबऱ्यावरून कालच्या दिवसात पाठवलं तर मी काही करू शकत नाही. माझे शब्द उचलले तर करू शकते. परतपद्म या नावावरही हक्क नाही, सुटी नावं, शीर्षकं, घोषवाक्यं यांना कॉपीराइट लागत नाही. राहिलं काय, तर भावाने काढलेली रेघ.

आणि पवित्र चिन्ह? मी चाचरत विचारलं, कारण कथेच्या पहिल्या खर्ड्यात मी सरळ श्रीयंत्र वापरलं होतं. ते लिहिताना मलाच कसंसं झालं म्हणून बदललं. तिचं म्हणणं, बरं केलंस. गोपद्म घरोघरी आहे, त्यावर तुझा दावा नाही, दावा आहे तो या विशिष्ट मांडणीवर, या रेषेवर. ट्रेडमार्कच्या वाटेने गेलीस तर आणखी कडक. १९९९ च्या ट्रेडमार्क कायद्यात धार्मिक भावना दुखावू शकेल अशा चिन्हाला नोंदणी नाकारायचं कलमच आहे, आणि अगरबत्तीवर ‘रामायण’ हा शब्द एकट्याने अडवून ठेवता येणार नाही असं सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये म्हटलं आहे. हे ऐकून मला का कुणास ठाऊक, बरं वाटलं.

पुढचा प्रश्न पैशांचा. कलाकृतीसाठी फी ५०० रुपये. पण ती कलाकृती मालावर किंवा सेवेसाठी वापरली जात असेल, वा वापरण्याजोगी असेल, तर २००० रुपये, आणि त्यासोबत ट्रेडमार्क निबंधकाचं प्रमाणपत्र लागतं, की असा किंवा याच्याशी मिळताजुळता ट्रेडमार्क आधीच नाही. त्या प्रमाणपत्राची फी माझ्या बाकीच्या अख्ख्या खर्चाच्या कितीतरी पुढे. मैत्रिणीने विचारलं, तू स्वतः लॉकेटं काढणार आहेस का? किचेन? टी-शर्ट? दोन दिवस विचार केला. शाळेतल्या मुली मागत होत्या, मोह झाला होता. पण नाही म्हटलं. चित्र कथेचं आहे, कथेतच राहील. ज्यांना लोगो नोंदवायचा आहे त्यांनी मात्र इथे काटकसर करू नये, त्यांची वाट दोन हजारांचीच.

आता मावसभाऊ. चित्र त्याने काढलं, म्हणजे कायद्याने कर्ता तो. मी कितीही फोनवर वर्णन केलेलं असो. अर्ज माझ्या नावाने करायचा तर त्याने हक्क मला लेखी द्यायला हवेत. हे त्याला सांगताना माझीच जीभ जड झाली. तो गप्प झाला, मग म्हणाला, "ताई, माझ्याकडून लिहून घेणार तू?" घरात या गोष्टी कुणी लिहून घेत नाही. मावशीच्या कानावर गेलं, तिकडून वेगळा फोन. शेवटी संक्रांतीला तिळगूळ द्यायला गेले तेव्हा मसुदा सोबत नेला आणि त्याला मोठ्याने वाचून दाखवला. त्यात मी त्याला काय देणार तेही आकड्यात लिहिलं होतं, कथेच्या मानधनातला निम्मा वाटा. आणि मैत्रिणीने सांगितलेली एक गोष्ट, की हक्क देऊन टाकले तरी चित्र माझं आहे म्हणण्याचा कर्त्याचा अधिकार त्याच्याकडेच राहतो, तो कुणाला काढून घेता येत नाही. ते ऐकल्यावर तो जरा सैल झाला.

हा कागद करणाऱ्यांनी दोन ओळी विसरू नका. किती काळासाठी हक्क देतोय ते लिहिलं नाही, तर कायदा पाचच वर्षं धरतो. आणि कुठल्या प्रदेशासाठी ते लिहिलं नाही, तर फक्त भारत. आम्ही ‘कॉपीराइटच्या संपूर्ण मुदतीसाठी, सर्व देशांसाठी’ असं घातलं. मुदत म्हणजे कर्त्याचं आयुष्य आणि त्यानंतर ६० वर्षं. कर्त्याचं, म्हणजे भावाचं. तो २४ वर्षांचा आहे आणि बुलेट चालवतो. "आता तरी हेल्मेट घालत जा," मावशी म्हणाली, आणि विषय हसण्यावारी गेला.

स्टॅम्पसाठी कोर्टाजवळ गेले. शंभरचा मागितला तर विक्रेता म्हणाला, मॅडम, ते दिवस गेले, ऑक्टोबरपासून पाचशेचा. घेतला. नोटरीने तीनशे घेतले.

अर्ज ऑनलाइन भरता येतो, कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर. कार्यालय दिल्लीत द्वारकेला आहे, बौद्धिक संपदा भवनात, पण आपण घरून काम करू शकतो. आधी खातं उघडायचं. मग फॉर्म १४, त्याला जोडून तपशिलाचं पत्रक आणि पुढे आणखी तपशिलाचं पत्रक. नावं ऐकून घाबरायला होतं. प्रत्यक्षात तेच तेच विचारलेलं असतं: अर्जदार कोण, कर्ता कोण, हयात आहे का, राष्ट्रीयत्व काय, प्रकाशित की अप्रकाशित, हक्क कुणाकडे. कलाकृतीच्या व्याख्येत ‘कलात्मक दर्जा असो वा नसो’ असे शब्द आहेत, ते मी भावाला मुद्दाम पाठवले. त्याने रागाची इमोजी टाकली.

पहिल्या रात्री अर्ध्यावर नेट गेलं आणि पुन्हा पहिल्यापासून भरावं लागलं. दुसऱ्या दिवशी शहाणपणाने सगळी उत्तरं आधी वहीत लिहून काढली. ती वही फार कामाला आली, पुढे दुरुस्तीच्या वेळीही. सही पांढऱ्या कागदावर काळ्या शाईने करून स्कॅन करून ठेवा, चित्राची स्वच्छ फाईल तयार ठेवा, मगच फॉर्मला हात घाला.

३ फेब्रुवारी २०२५, सोमवार, रात्री पावणेअकरा. ५०० रुपये भरले आणि डायरी नंबर आला. वर्षाच्या पुढे सीओ आणि शेवटी ए. ए म्हणजे कलाकृती, साहित्य असेल तर एल. तो नंबर मी फ्रीजवर चिकटवला. आईने विचारलं, गॅसचा आहे का?

त्यानंतर ३० दिवस काहीच होत नाही, आणि व्हायचंही नसतं. कुणाला हरकत घ्यायची असेल तर त्यासाठी सोडलेला तो काळ आहे. मी मात्र रोज रात्री भांडी झाल्यावर स्थिती बघायचे. वेटिंग. वेटिंग. मार्चमध्ये महिना उलटला, तरी वेटिंग. दहावीच्या पेपरांचे गठ्ठे आले, त्यात विसरायला झालं. ३० मार्चला पाडवा. पुढे आईने तुळशीपाशी चैत्रांगण काढलं: शंख, चक्र, कासव, सूर्य, चंद्र, स्वस्तिक, गोपद्म. मी बाजूला बसून बघत होते. यातलं एकही चिन्ह कुणाच्या नावावर नाही आणि तरी प्रत्येक बाईचं कासव निराळं असतं. आईचं नेहमी जरा डावीकडे झुकतं.

१२ जूनला पत्र आलं. शाळा सुरू होण्याच्या आठवड्यात, अर्थातच.

त्रुटी. पोटात गोळा आला. वाचलं, आणि चूक माझीच, शंभर टक्के. अर्जात मी ‘अप्रकाशित’ लिहिलं होतं. माझ्या डोक्यात असं, की पुस्तक कुठे आलंय, अंकच तर आहे. आणि चित्राची फाईल म्हणून मी काय चढवलं होतं? भावाचं मूळ चित्र त्याच्या घरी होतं, आळस केला, आणि दिवाळी अंकाचं पान स्कॅन केलं. खाली कोपऱ्यात स्पष्ट दिसत होतं: ११४. त्याच्या शेजारी अंकाचं नाव आणि ‘दिवाळी २०२४’. तपासणाऱ्याने सभ्य भाषेत विचारलं होतं, की कृती अप्रकाशित म्हणता, पण जोडलेली प्रत प्रकाशित दिसते, खुलासा करावा. प्रकाशित असेल तर प्रकाशनाचा तपशील आणि प्रकाशकाचं ना-हरकत पत्र. मुदत पत्राच्या तारखेपासून ३० दिवस.

मी त्या ११४ कडे बराच वेळ बघत राहिले. बाईसाहेब मुलांच्या नकाशात उत्तर दिशा चुकली की अर्धा मार्क कापतात.

संपादकांना फोन केला. "अहो त्यात काय, देतो की." आठवड्याने पुन्हा. "कागद टेबलावरच आहे." आणखी आठवड्याने, "सही झालीय, फक्त शिक्का राहिलाय." माझा तोल सुटायला आला होता. पण दिवाळी अंकाची जाहिरात गोळा करायचे ते दिवस, त्यांचीही धावपळ असणार. शेवटी मीच ना-हरकत टाइप केली, त्यांच्या लेटरहेडची फाईल मागवून त्यावर बसवली, आणि ४ जुलैला पहाटेची एसटी पकडून पुण्याला गेले. आषाढी दोनच दिवसांवर आलेली, पंढरपूरला, म्हणजे उलट्या दिशेला, निघालेलं एक कुटुंब आमच्या गाडीत चुकून चढलं होतं, त्यांना पुढच्या थांब्यावर उतरवेपर्यंत सगळी गाडी त्यांच्या मदतीला. संपादकांनी दोन मिनिटांत सही केली, शिक्का मारला, चहा पाजला. हे जूनमध्येच करायला हवं होतं. ना-हरकत कुणाकडूनही हवी असेल तर मसुदा आपणच करून न्यावा, समोरच्याला फक्त सही करू द्यावी.

भावाकडून मूळ चित्र आणून नीट स्कॅन केलं, पान क्रमांकाविना. प्रकाशनाचं वर्ष, देश, प्रकाशक भरले, दुरुस्त पत्रकं जोडली आणि ९ जुलैला उत्तर पाठवलं. मुदतीला तीन दिवस शिल्लक. त्या रात्री झोप लागली, म्हणजे आधी लागत नव्हती हे तेव्हा कळलं.

पुन्हा वाट. श्रावण गेला, गणपती आले-गेले. वाट पाहताना एक विचार सारखा यायचा, की माझ्या वळणदेशात ही भानगडच नसती. एका संध्याकाळी उंबऱ्यावर ठिपके मांडून पाठमोरी चालत गेले असते आणि ‘अप्रकाशित’ खोडून आले असते. मग आठवलं, ६० ठिपक्यांचा नियम मीच घातलाय. फेब्रुवारीतली चूक जूनमध्ये कळल्यावर त्या चिन्हाचाही उपयोग नव्हता. कथेतली म्हातारी याच कारणाने रडते. ते लिहिताना मला तिची एवढी कीव आली नव्हती.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार, वसुबारस. दुपारी स्टाफरूममध्ये सवयीने स्थिती उघडली, तर तिथे रजिस्टर्ड. नोंदवहीचा उतारा डाउनलोड केला. एक साधा कागद: नोंदणी क्रमांक, अर्जदार म्हणून माझं नाव, कर्ता म्हणून भावाचं, शीर्षक इंग्रजी अक्षरांत, आणि सोबत परतपद्म. शाईचा पसरलेला ठिपका जागच्या जागी.

हिशेब विचारतात म्हणून: फी ५००, स्टॅम्प ५००, नोटरी ३००, स्कॅन-झेरॉक्स १४०, पुण्याचं जाणंयेणं सोडून १४४० रुपये. भडंग वेगळं. कथेचा मजकूर वेगळी कृती, तिचा वेगळा अर्ज, वेगळे पाचशे. तो अजून केलेला नाही. शाळेच्या दिवाळी सुट्टीत करेन म्हणते.

त्या ऑनलाइन दुकानाला क्रमांक पाठवायला बसले, तर दुकानाचं पानच उघडेना. कधी बंद पडलं कोण जाणे. मेल लिहून ठेवला होता, खोडला.

घरी आले तर आई दारात गायवासराची रांगोळी काढत होती, भोवती गोपद्मं. मी मोबाइलवरचा कागद तिच्यापुढे धरला. तिने चष्मा वर करून बराच वेळ न्याहाळला.

"हे पाऊल उलटं आहे."

"मुद्दाम काढलंय. मागे जायचं असतं ना."

"ते ठीक आहे. पण सरकारने चुकीचं छापलंय असं वाटेल कुणाला," ती म्हणाली, आणि पांढऱ्या रांगोळीची चिमूट माझ्या हातात देऊन उरलेली पाच गोपद्मं मला काढायला सांगितली.